डोण

नांदूर-मधमेश्वरचं पाणी यंदा पार खाली गेलं
आणि चांदोरीच्या अलीकडे, गाळात,
एक खोड उघडं पडलं.
पोटातून कोरलेलं, दोन्ही टोकांना निमुळतं,
एक कड कशानं तरी खाल्लेली.
बारा जणांनी उचलून ते दोन ओंडक्यांवर ठेवलं.
माझ्या हातात टेप, आलेखाचा कागद, पेन्सिल;
चपला केव्हाच गाळानं ठेवून घेतलेल्या.

लांबी एकोणीस फूट चार इंच.
रुंदी, जिथं जास्त आहे तिथं,
एक माणूस मांडी घालून बसेल एवढी.
वाकसाचे घाव तीनशे बारापर्यंत मोजले,
तेवढ्यात ढग आला, घाव बुजले,
ऊन परतल्यावर पुन्हा एकपासून.

साहेब म्हणाले, नाव आहे. लिहा.
मी नावाच्या रकान्यात नाव लिहिलं
आणि स्वतःशीच हसले.
बांधावर पुंजा भोई तंबाखू मळत होता.
"कशाची नाव? डोण हाये ती.
गुरांना पानी पाजायची. आमच्या गोठ्यात व्हती अशीच."
साहेबांचा फोन वाजत होता.
मी समासात, बारीक, लिहिलं: डोण?

मग त्यानं न विचारता सांगितलं,
एकोणसत्तरच्या पुरात गोठ्यातली ती डोण
बापानं उपडी करून रिकामी केली,
दाराची आगळ वल्हं म्हणून घेतली
आणि बहीण, तिचं तान्हं, दोन शेळ्या
देवळाच्या कळसाला वळसा घालून
सायखेड्याच्या अंगाला काढल्या.
"म्हणजे होडीच झाली की."
"अवो ताई, पानी आत असलं तर डोण.
भाईर असलं तर व्हडी."
चिमूट ओठात गेली, विषय संपला.

दुपारभर मी तळाशी वाकून होते.
कोरणाऱ्यानं आधी निखारे ठेवले असणार,
जळालेलं खरवडलं, पुन्हा निखारे;
काळी झाक अजून कोपऱ्यांत आहे.
तळ किती जाड उरला, त्याला कसं कळलं असेल?
पेरानं ठोकून, कान लावून,
कलिंगड घेताना लावतो तसा.
एका जागी कान चुकला.
वाकस आरपार गेला.
काय बोलला असेल तो त्या क्षणी?
त्याची भाषा मला येत नाही,
पण तो शब्द बहुधा येतो.

तिथं एक डट्टा आहे, अंगठ्याएवढा,
दुसऱ्याच लाकडाचा, ठोकून बसवलेला,
भोवती डिंकासारखं काहीतरी काळं.
आलेखावर मी आधी तो काढला,
बाकीचं सगळं त्याच्याभोवती.

वाळल्या भोपळ्यांना दोरी बांधून
कुणीतरी पहिल्यांदा धारेत उतरलं,
त्याची ती सांगड.
आमच्या कचेरीत ती रोज घालतात,
निधीची आणि कामाची,
कुणाचे पाय भिजत नाहीत.
आजही घातली, बसली नाही:
ट्रक सोमवारी येईल, म्हणाले. आज शुक्रवार.

तोवर लाकूड वाळलं तर फाटेल.
गोणपाटं भिजवून टाकली, पण वारा होता.
पुंजानं द्राक्षबागेतून मोटारीचा पाइप ओढत आणला,
आणि थोडा वेळ शिंपडून, कंटाळून,
सरळ आतच सोडला.
पाणी एकेका घावावरून चढत गेलं,
मोजलेले, न मोजलेले, सगळे बुडाले.

अंधारता अंधारता एक म्हैस उतरली,
कुणाची, ते पुंजालाही ठाऊक नव्हतं.
तिनं हुंगलं, फुरफुरली,
मग मान घालून प्यायली, खूप वेळ.
पुंजा काही बोलला नाही.
बोलायला हवं होतं, इतकं नाही बोलला.

मी टॉर्च घेऊन ओंडक्यांमध्ये शिरले,
डट्ट्याखाली तळहात धरला
आणि थेंबाची वाट पाहत बसले.
वर म्हशीचा घोट, घोट, घोट.
ती गेली, तरी हात कोरडाच.